एएसी ब्लॉकच्या भिंतीवर चुन्याचा गिलावा कसा टिकतो

नाशिकच्या कडेने पाथर्डी फाटा, मखमलाबाद किंवा आडगावच्या बाजूला एक फेरी मारली, तर नव्या बांधकामांवर लाल विटांऐवजी राखाडी-पांढऱ्या, हलक्या ठोकळ्यांच्या थप्प्या दिसतात. हेच ते एएसी, म्हणजे ऑटोक्लेव्हड एरेटेड काँक्रीटचे (हवेची भोके ठेवून वाफेत शिजवलेले) ब्लॉक. दुसरीकडे, पंचवटीत किंवा जुन्या नाशकातल्या एखाद्या वाड्यात लहानपण घालवलेली माणसे आता स्वतःचे घर बांधताना विचारतात, की आमच्या वाड्याच्या भिंती चुन्याच्या होत्या आणि भर उन्हाळ्यात गार असायच्या, तर या ब्लॉकच्या भिंतीलाही चुन्याचा गिलावा करता येईल का? वाड्यातल्या गारव्याचे मोठे श्रेय हात-दीड हात जाडीच्या भिंतींना जाते आणि चुन्याचा वाटा त्यात थोडाच असतो, हे आधी सांगितलेले बरे. मूळ प्रश्न मात्र योग्य आहे आणि त्याचे उत्तर होकारार्थी आहे. अट इतकीच, की पहिले दहा-पंधरा दिवस गिलाव्यातले पाणी गिलाव्यातच राहिले पाहिजे. पुढे जे काही सांगायचे आहे ते सगळे या एका अटीभोवती फिरते.

आधी ब्लॉक समजून घेऊ. हा पदार्थ १९२० च्या दशकात स्वीडनमध्ये योहान आक्सेल एरिक्सन यांनी विकसित केला. आपल्याकडे तो बहुधा औष्णिक वीज केंद्रातून निघणाऱ्या राखेपासून करतात. नाशिककरांना ही राख जवळच्या एकलहऱ्याच्या वीज केंद्रामुळे चांगलीच परिचयाची आहे. राख, चुना, सिमेंट आणि थोडे जिप्सम यांच्या पातळ लगद्यात ॲल्युमिनियमची अगदी थोडी पूड घालतात. चुन्यामुळे अल्कधर्मी झालेल्या पाण्याशी या पुडीची क्रिया होऊन हायड्रोजन वायू सुटतो आणि ढोकळ्याचे पीठ फुगावे तसा लगदा साच्यात फुगून येतो. तो थोडा घट्ट झाला की तारेने त्याचे ठोकळे कापतात आणि बंद टाकीत सुमारे १८० ते १९० अंश सेल्सिअसच्या वाफेत, १० ते १२ बार दाबाखाली, ८ ते १२ तास शिजवतात. या शिजण्यात चुना आणि राखेतली सिलिका एकत्र येऊन टोबरमोराइट नावाचे स्फटिक तयार होतात आणि ब्लॉकला बळ देतात. म्हणजे ज्या भिंतीला आपण चुना लावायला निघालो आहोत, तिच्या पोटात चुना आधीच आहे. दोघांचे रासायनिक वैर अजिबात नाही. अडचण येते ती पाण्यापाशी.

एक घनमीटर एएसी ब्लॉकचे वजन साधारण ५५० ते ६५० किलो भरते, तर तेवढ्याच भाजक्या विटांचे वजन १६०० किलोच्या वर जाते. हा फरक अर्थात आतल्या हवेचा आहे. ब्लॉक करवतीने कापला की आतली भोके नुसत्या डोळ्यांनी दिसतात आणि पाहणाऱ्याला वाटते की हा ठोकळा स्पंजासारखा घटाघटा पाणी पिणार. प्रत्यक्षात ही मोठी भोके बहुतांशी एकमेकांपासून तुटलेली असतात आणि पाणी फारसे ओढत नाहीत. ओढतात ती दोन भोकांच्या मधल्या पातळ पडद्यांतली, केसाहून कितीतरी बारीक छिद्रे. त्यामुळे ब्लॉकच्या तहानेची तऱ्हा विटेपेक्षा वेगळी आहे. वीट पाण्याच्या टाकीत टाकली की बुडबुडे सोडत घाईने पाणी पिते आणि थोड्या वेळात तृप्त होते. ब्लॉक संथपणे पितो, पण तासन्‌तास पीत राहतो. विटेच्या कामावर हात बसलेला गवंडी भिंतीवर बादलीभर पाणी मारतो, वरचा पृष्ठभाग ओला दिसला की समाधान मानतो आणि गिलावा चढवतो. आत मात्र कोरडा ब्लॉक दिवसभर गिलाव्यातले पाणी ओढत बसलेला असतो.

आता चुन्याकडे वळू. चुनखडी सुमारे ९०० अंशांना भाजली की तिच्यातला कार्बन डायऑक्साइड निघून जातो आणि कळीचा चुना उरतो. शुद्ध चुनखडी १०० किलो घेतली तर कळीचा चुना ५६ किलो मिळतो. ४४ किलो वायू हवेत जातो. या ५६ किलोने १८ किलो पाणी आपल्यात सामावून घेतले की ७४ किलो विरवलेला चुना होतो. हाच चुना भिंतीवर चढला की हवेतला कार्बन डायऑक्साइड हळूहळू परत घेतो, घेतलेले पाणी सोडतो आणि पुन्हा दगड, म्हणजे कॅल्शियम कार्बोनेट, होतो. सिमेंट पाण्याशी क्रिया करून घट्ट होते, तर साधा चुना हवेशी क्रिया करून घट्ट होतो, एवढे बहुतेकांना माहीत असते. निसटतो तो पुढचा भाग. ही क्रिया कोरड्या चुन्यात होत नाही. हवेतला वायू आधी छिद्रांतल्या ओलाव्यात विरघळावा लागतो, तेव्हाच तो चुन्याला भेटतो. छिद्रे पाण्याने पूर्ण भरली असतील तर वायूला आत शिरायला वाट नाही आणि ती पूर्ण सुकली असतील तर विरघळायला पाणी नाही. चुन्याला हवा असतो तो मधला दमटपणा, आणि तोही दोन दिवस नाही, कित्येक आठवडे.

हे मला पुस्तकातून कळले असते तर बरे झाले असते. मी ते गंगापूर रोडच्या मागच्या बाजूला एका छोट्या घराच्या पश्चिमेकडच्या भिंतीवर शिकलो. मार्चचा शेवट होता आणि दुपारचे ऊन थेट भिंतीवर येत होते. चुना चांगला होता, वाळू धुतलेली होती, गवंड्याचा हात उत्तम होता. भिंत मात्र फक्त वरवर भिजवलेली होती. थापीने ओढलेला गिलावा अर्ध्या तासाच्या आत फिका पडू लागला आणि रंधा फिरवायला गेलो तर रवाळ, कोरडा आवाज यायला लागला. दोन आठवड्यांनी तळहात फिरवला तेव्हा हातावर पिठासारखी पांढरी पूड आली. बोटांनी ठोकले तर बऱ्याच ठिकाणी पोकळ, बद्द आवाज. एका कोपऱ्यात थापीचे टोक घालून उचकटले, तेव्हा हातभर लांबीची खपली अखंड निघाली आणि तिच्या पाठीवर ब्लॉकची धूळ समान चिकटलेली दिसली. गिलाव्याने ब्लॉकला धरलेच नव्हते, त्याने फक्त धुळीला धरले होते. दोष कोणा पुरवठादाराचा नव्हता. घाई माझीच होती आणि सगळी भिंत खरवडून काढण्याचा खर्चही मीच सोसला.

एवढा त्रास असेल तर सरळ सिमेंटचा गिलावा का करू नये, असे कोणी विचारेल. एएसी ब्लॉकची दाब सोसण्याची ताकद साधारण प्रति चौरस मिलिमीटर ३ ते ४.५ न्यूटन असते. एकास तीन किंवा एकास चार सिमेंट-वाळूचा गिलावा त्याहून बराच टणक होतो. सुकताना तो आक्रसतो, खालच्या मऊ भिंतीला खेचतो आणि ओढाताणीत एकतर स्वतः तडकतो किंवा भिंतीपासून सुटतो. गिलाव्याचा जुना नियम असा, की पाठीमागच्या भिंतीपेक्षा गिलावा टणक नसावा आणि आतल्या थरापेक्षा बाहेरचा थर टणक नसावा. चुना या नियमात आपसूक बसतो. तो मऊ आहे, भिंतीच्या बारीक हालचालीबरोबर थोडा वाकतो आणि पाण्याच्या वाफेला अडवत नाही, त्यामुळे ब्लॉकमधला ओलावा बाहेर पडायची वाट मोकळी राहते. ‘मजबुतीसाठी’ चुन्यात पसाभर सिमेंट टाकण्याची आपल्याकडे मोठी हौस आहे. माझे मत त्याच्या स्पष्ट विरोधात आहे, कारण एवढ्याशा सिमेंटने ताकद विश्वासाने वाढत नाही आणि चुन्याचा लवचीकपणा मात्र कमी होतो.

चुना कोणता घ्यावा, हा पुढचा प्रश्न. बांधकामाच्या चुन्यासाठी आयएस ७१२ हे भारतीय मानक आहे आणि त्यात चुन्याचे वर्ग पाडलेले आहेत. ढोबळ मानाने ए आणि बी वर्गातला चुना पाण्याशीही क्रिया करून थोडाफार घट्ट होतो, तर सी वर्गातला चुना म्हणजे शुद्ध पांढरा चुना फक्त हवेवर अवलंबून असतो. बाजारात पिशवीत मिळणारी चुन्याची भुकटी बहुधा सी वर्गातली असते. ती वापरता येते, पण पिशवी जुनी असेल तर तिच्यातला बराचसा चुना गोदामातच दगड होऊन बसलेला असतो, म्हणून ताजा माल पाहून घ्यावा आणि भुकटी निदान एक रात्र पाण्यात मुरवावी. त्याहून चांगला मार्ग म्हणजे कळीचा चुना आणून स्वतः विरवणे. हे काम नाशिक जिल्ह्यात कोणाला शिकवायला नको. द्राक्षबागेवर मोरचूद आणि चुन्याचे बोर्डो मिश्रण करणारा प्रत्येक बागायतदार ते करत आलेला आहे. पिंपात आधी पाणी घ्यावे आणि त्यात चुना थोडा थोडा सोडावा. चुन्याच्या ढिगावर पाणी ओतू नये, कारण उकळी फुटून चुना अंगावर उडतो. डोळ्यांवर चष्मा आणि हातात रबरी मोजे हवेतच. डोळ्यात चुना गेला तर लगेच भरपूर स्वच्छ पाण्याने पंधरा-वीस मिनिटे डोळा धुवावा आणि तसेच डॉक्टरांकडे जावे. विरवलेला चुना बारीक चाळणीतून गाळून पाण्याखाली ठेवला की तो दिवसेंदिवस लोण्यासारखा होत जातो. गाळून मुरवलेल्या या चुन्याला आपले गवंडी निरू म्हणतात. तो निदान तीन-चार आठवडे मुरलेला असावा. चुन्याचे न विरलेले कण गिलाव्यात गेले तर ते महिन्यांनंतर भिंतीतच विरतात, फुगतात आणि पुरळ आल्यासारखे टवके उडवतात.

शुद्ध चुना एकटा फार सावकाश घट्ट होतो, म्हणून खालच्या थरात सुरखी घालावी. सुरखी म्हणजे भाजक्या विटांची बारीक पूड. तिच्यातली सिलिका चुन्याशी पाण्याच्या साक्षीने जोडली जाते, त्यामुळे गिलावा सगळा भार हवेवर टाकत नाही आणि पहिल्या काही दिवसांत सावरण्याइतके बळ त्याला मिळते. वीज केंद्राची राखही हेच काम करते, फक्त अधिक सावकाश. सुरखी कमी भाजलेल्या मऊ विटांची चांगली; काळपट, जळकी वीट कुटून काही उपयोग होत नाही. पूर्वी हे सगळे मिश्रण चुन्याच्या घाणीत बैल लावून दगडी चाकाखाली मळत असत. आता घाणी मिळणार नाही, पण मिक्सरमध्ये पाणी कमीत कमी ठेवून वीस-पंचवीस मिनिटे मळले तरी फरक लगेच कळतो. चुन्याचे मिश्रण मळावे तितके मऊ होते आणि त्याला वरून पाणी कमी लागते.

वाळूबद्दल थोडक्यात. काळ्या दगडापासून केलेल्या क्रश सॅन्डमध्ये दगडाची भुकटी फार असेल तर ती धुऊन घ्यावी, कारण भुकटीने गिलावा जास्त आक्रसतो. दाणे मोठे, मध्यम आणि बारीक असे मिसळलेले हवेत. गूळ, हिरडा, बेलफळ, मेथी अशा जुन्या पुरवण्यांविषयी खूप काही बोलले जाते. त्यांतल्या गुळाचा गुण खरा आहे, कारण साखर असलेल्या पाण्यात चुना अधिक विरघळतो आणि मिश्रण हाताला मऊ लागते. पण गूळ प्रमाणाबाहेर गेला तर गिलावा घट्ट व्हायला वेळ लावतो आणि मुंग्याही येतात. पहिल्यांदाच एएसीवर चुना करणाऱ्याने या पुरवण्यांच्या वाटेला जाऊ नये, असे माझे मत आहे. दोन नव्या गोष्टी एकदम केल्या की चूक कोणामुळे झाली ते कळत नाही.

खरे काम गिलाव्याच्या आधी भिंतीवर होते. कारखान्यातून ताजा निघालेला ब्लॉक वाफेचे पुष्कळ पाणी पोटात घेऊन येतो आणि पुढच्या आठवड्यांत सुकताना थोडा आक्रसतो. म्हणून बांधलेली भिंत निदान चार-सहा आठवडे तशीच सुकू द्यावी आणि तिच्या सांध्यांत चिरा पडायच्या असतील तर त्या गिलाव्याच्या आधीच पडू द्याव्यात. विजेच्या नळ्यांसाठी पाडलेल्या खाचा आधी भरून घ्याव्यात आणि त्यांवर जाळी बसवावी. जिथे काँक्रीटचा कॉलम किंवा बीम ब्लॉकला भेटतो, तिथे दोघांची उन्हातली हालचाल वेगळी असते, म्हणून त्या सांध्यावर दोन्ही बाजूंना १५० मिलिमीटर जाईल अशी अल्कली सोसणारी फायबर जाळी हवीच. गुळगुळीत काँक्रीटला चुना स्वतःहून धरत नाही. तिथे छिन्नीने दाट खाचा पाडाव्या लागतात. यानंतर भिंत कडक ब्रशने वरून खाली झाडून काढावी. ब्लॉक कापताना पडलेली भुकटी पीठ चाळून ठेवल्यासारखी भिंतीवर बसलेली असते, आणि माझ्या पश्चिमेच्या भिंतीची निम्मी चूक या न झाडलेल्या धुळीत होती.

मग पाणी. ते एकदम ओतू नये आणि पाइपने धारही मारू नये. आदल्या संध्याकाळी फवारणीच्या पंपाने भिंतीवर बारीक फवारा द्यावा, पाणी जिरू द्यावे, पुन्हा द्यावे, आणि असे चार-पाच वेळा करावे. सकाळी काम सुरू करण्यापूर्वी आणखी एक-दोन फवारे. परीक्षा सोपी आहे: ओल्या हाताने भिंतीवर पाण्याचा शिंतोडा द्यावा. तो लगेच नाहीसा झाला तर भिंत अजून तहानलेली आहे, ओघळ होऊन खाली आला तर जास्त झाले आहे, आणि थोडा वेळ चमकून मग मंद झाला तर वेळ योग्य आहे. ब्लॉक आतपर्यंत चिंब करण्याच्या मोहात पडू नये, कारण तेच पाणी पुढे सुकताना भिंत आक्रसते आणि वरचा गिलावा फाटतो.

यावर पहिला थर छपक्याचा. चुना आणि जाड वाळू यांचे पातळसर मिश्रण थापीने भिंतीवर जोराने फेकावे, त्याला रंधा लावू नये आणि तो खडबडीतच राहू द्यावा. जाडी तीन-चार मिलिमीटर पुरते आणि मधूनमधून ब्लॉक दिसत राहिला तरी चालते. पाण्याशी घट्ट होणारा चुना थोडाच मिळाला असेल, तर तो सगळा इथेच खर्च करावा. छपका नखाने सहज निघणार नाही इतका घट्ट होईपर्यंत, म्हणजे बहुधा चार-पाच दिवस, तो दमट ठेवावा. छपक्यामुळे भिंतीची ओढ सगळीकडे सारखी होते. एरवी ब्लॉक एका गतीने पाणी ओढतो, सांधा दुसऱ्या आणि काँक्रीट जवळजवळ ओढतच नाही. मग गिलाव्यावर ब्लॉकची नक्षी वर्षभर उमटलेली दिसते.

मुख्य थरासाठी एक भाग मुरलेला चुना, एक भाग सुरखी आणि दोन भाग वाळू या प्रमाणापासून सुरुवात करावी आणि भिंतीच्या एका चौरस मीटरवर आधी नमुना करून पाहावा. एएसीची भिंत बरीच सरळ असल्याने आतल्या बाजूला १० ते १२ मिलिमीटर जाडी पुरते. बाहेर २० मिलिमीटरपर्यंत जावे लागते, पण ते एका दमात चढवू नये, दोन थरांत करावे. थापीने दाबून लावावा, पट्टीने सरळ करावा आणि घट्ट होऊ लागला की लाकडी रंध्याने पुन्हा दाबून काढावा. बारीक चिरा दिसल्या तर दुसऱ्या दिवशी हलका फवारा देऊन रंध्यानेच त्या मिटवता येतात; ही सवलत सिमेंट देत नाही. लोखंडी थापीने घोटून चकाकी आणण्याचा आग्रह या थरावर धरू नये, कारण पृष्ठभाग बंद झाला तर हवा आत जाणार कशी? शेवटचा निरूचा थर दोन-तीन मिलिमीटरचा, एकास एक बारीक वाळू किंवा संगमरवराची पूड घालून, पण तो निदान दोन आठवड्यांनी.

यानंतरची राखण हा नाशकात सर्वांत दुर्लक्षित भाग आहे. सिमेंटच्या सवयीने रखवालदार सकाळ-संध्याकाळ पाइप घेऊन भिंत धुतो आणि मधल्या दहा तासांत ती उन्हात भाजते. चुन्याला हे दोन्ही टोकांचे वागणे सोसत नाही. दिवसातून तीन-चार वेळा हलका फवारा आणि भिंतीपासून वीतभर अंतरावर टांगलेले ओले गोणपाट, हे दहा ते पंधरा दिवस पाळावे. बागायतदार ओळखीचा असेल तर त्याच्याकडचे पडून राहिलेले शेडनेट पश्चिम आणि दक्षिणेच्या भिंतींसमोर बांधायला फार उपयोगी पडते. हंगाम निवडता आला तर बाहेरचे काम पाऊस ओसरल्यावर, सप्टेंबरअखेर ते नोव्हेंबरच्या सुमारास काढावे. तेव्हा हवेत ओल असते आणि ऊन बोचत नाही. डिसेंबर-जानेवारीत पारा दहा अंशांखाली जातो तेव्हा काम संथ होते, मार्च ते मे हा काळ बाहेरच्या भिंतीसाठी टाळावाच आणि पावसाळ्यात फक्त आतल्या भिंती घ्याव्यात.

गिलावा आत किती पिकला आहे हे पाहायचे असेल तर प्रयोगशाळेत फिनॉल्फ्थॅलीनचा थेंब टाकतात. कच्चा चुना गुलाबी होतो, पिकलेला रंग बदलत नाही. घरी ढोबळ अंदाज हवा असेल तर हळद आहेच. हळदीला चुना लागला की कुंकू होते, हे आपल्याकडे वेगळे सांगावे लागत नाही. गिलाव्याच्या ताज्या तुटलेल्या कडेला ओली हळद लावली, तर आतला कच्चा भाग गडद लाल होतो आणि पृष्ठभागाजवळचा पिकलेला भाग बराचसा पिवळाच राहतो. महिन्याभरानंतरही वरचा एक-दोन मिलिमीटरचाच पट्टा पिवळा दिसला तर घाबरू नये. चुन्याची चाल तेवढीच आहे.

रंगाच्या बाबतीत तडजोड करू नये. चुन्याच्या गिलाव्यावर ॲक्रेलिक पुट्टी आणि प्लॅस्टिक इमल्शन चढवले, तर वरून पडदा बसतो, हवा आत जात नाही, वाफ बाहेर येत नाही आणि केलेले सगळे काम वाया जाते. चुन्याची पातळ सफेदी तीन-चार हात द्यावी. रंग हवा असेल तर गेरू किंवा पिवडी मिसळावी, कारण मातीचे रंग चुन्यात टिकतात. न्हाणीघरात, जिथे रोज पाणी उडते, तिथे हा गिलावा करू नये; तिथे टाइल्स आणि त्यांचा चिकट मसाला हाच मार्ग आहे. जमिनीलगतच्या पहिल्या फूटभर भागातही ओल चढत असेल, तर आधी ओल थांबवावी.

माझी पश्चिमेची भिंत दिवाळीनंतर पुन्हा केली, शेडनेट लावून. खिडकीच्या एका कोपऱ्यात अजून केसासारखी एक चीर आहे आणि दोन पावसाळ्यांत तिच्यात पांढरी रेघ भरत आली आहे. पाण्यात विरघळलेला चुना वाहत येऊन तिथेच पुन्हा दगड होतो आहे. कामातून उरलेला निरू मी झाकणाच्या पिंपात ठेवला आहे, वर चार बोटे पाणी राखून. तो वाळत नाही, खराबही होत नाही, आणि कुठे टवका उडालाच तर त्या जागी लावायला त्याच मुरलेल्या चुन्याचा एक घमेला पुरतो.